मनगटावरची उजळी

खरं तर ही गोष्ट मी तुम्हाला सांगायची नाही, असं ठरलं आहे. मावशीने मला तसं बजावलंच आहे. ती म्हणते, "हसऱ्या गोष्टी कमी आहेत का गं? ही ऐकली की पोरं नीट जेवत नाहीत." पण मावशी आता मागच्या अंगणात आहे आणि तुम्ही मघापासून माझी ओढणी ओढताय. म्हणून सांगते. हळू आवाजात सांगते. मध्ये कुणी हुंदका द्यायचा नाही, नाही तर तिला लगेच कळेल.

एक दरी होती. तिचं नाव काजळखोरं. तिचे दोन्ही कडे इतके उंच आणि एकमेकांच्या इतके जवळ होते, की सूर्य वरून जायचा, पण खाली डोकवायचाच नाही. तिथे सकाळ नव्हती आणि दुपारही नव्हती. पानांवर दंव पडलं की लोक उठायचे आणि दंव सुकलं की झोपायचे.

मग त्यांना दिसायचं कसं? तर उजळीमुळे.

तुमच्या आईच्या मसाल्याच्या डब्यात दगडफूल असतं ना, काळपट, चुरगळलेल्या कागदासारखं? उजळी तशीच होती, पण जिवंत आणि चमचमती. ती दगडावर उगवायची. तिच्या कडेला फ्रॉकच्या झालरीसारख्या दुमडी असायच्या आणि त्या दुमडींमधून मंद उजेड झिरपायचा. कुठे पिस्त्याचा रंग, कुठे दुधाळ निळा, कुठे हळदीचा पिवळाधमक. कोरडी असली की ती कुरकुरीत लागायची आणि दंवाचे दोन थेंब पाजले की मऊ मऊ व्हायची. वाढायची मात्र फारच हळू. आजोबांनी लहानपणी पाहिलेला ठिपका नातवाच्या लग्नापर्यंत जेमतेम तळहाताएवढा झालेला असायचा.

काजळखोऱ्यात प्रत्येक घराच्या दर्शनी भिंतीवर उजळी होती. तिच्या उजेडात वाट दिसायची, पाण्याची घागर सापडायची. पण माणसाचा चेहरा काही त्यात दिसायचा नाही. म्हणून तिथे एक रीत होती. बाळाचं बारसं असलं, की कानात नाव सांगण्याआधी त्याच्या मनगटावर उजळीचा कण ठेवायचे. तो कण तिथेच रुजायचा. दुखायचं नाही, नुसत्या गुदगुल्या व्हायच्या. बाळ वाढायचं तसा तोही वाढायचा. त्याला मनगटी म्हणायचे. प्रत्येकाच्या मनगटीचा रंग वेगळा, आकार वेगळा. वाटेत कुणी भेटलं की लोक हात वर करायचे, आणि मनगटी बघूनच कळायचं, हे अमुक आणि हे तमुक. "कोण आहे?" असं त्या दरीत कधी कुणी विचारतच नव्हतं.

आणि त्यांची एक भीतीही होती. सावटीची. सावटी म्हणजे जिचा आवाज येतो, पण उजेड दिसत नाही. ती तुमच्याच माणसाच्या आवाजात बोलते, "दार उघड, मी आहे," असं म्हणते, आणि तुम्ही उत्तर दिलंत की तुमच्या घरातला सगळा उजेड पिऊन टाकते. म्हणून अंधारातून नुसता आवाज आला, तर कान झाकायचे, दार लावायचं आणि एक शब्दही बोलायचा नाही. काजळखोऱ्यातल्या मुलांना हे चालायच्या आधी शिकवत.

त्या दरीच्या अगदी टोकाला मिणू नावाची मुलगी राहायची. साधारण तुमच्याएवढीच. तिची मनगटी हळदीच्या रंगाची होती आणि एका बाजूने कुरतडल्यासारखी, जणू उंदराने बत्ताशाचा तुकडा तोडला आहे. तिच्या आईचं नाव सोनकी. सोनकी दंवकरीण होती. दंव पडलं की ती द्रोण घेऊन निघायची, नेच्याच्या टोकांवरचे थेंब गोळा करायची आणि घरोघरच्या भिंतींना पाणी पाजायची. लहानपणापासून मिणू तिच्याबरोबर जायची.

"आधी झालरीला, मग मधल्या अंगाला," आई सांगायची. "झालर म्हणजे तिचं बाळ. आधी बाळाला पाजायचं."

मिणूचे बाबा नव्हते. ती रांगत होती तेव्हाच ते कड्यावरून पडले. त्यामुळे मिणूला आई होती आणि आईला मिणू, आणखी कुणी नव्हतं.

आणि मग आईला राखोंडी झाली.

राखोंडी म्हणजे काय, सांगते. मनगटीची कड राखेसारखी करडी व्हायला लागते. रोज थोडी थोडी. माणसाचे हात गार पडतात. मग त्याला शब्द आठवेनासे होतात. मग माणसं आठवेनाशी होतात. मनगटी पूर्ण करडी झाली, की माणूस संपतो.

आई अंथरुणावर पडून वाटीकडे बोट दाखवायची आणि म्हणायची, "ते... ते दे ना. त्यात पितात ते." मिणू वाटी द्यायची. मग एके दिवशी आईने मिणूकडेच रोखून पाहिलं आणि विचारलं, "तू कुणाची गं पोरी?"

मिणूने पटकन हात वर केला. आईने तो कुरतडलेला पिवळा ठिपका पाहिला आणि ती खुदकन हसली. "अगोबाई, ही तर माझी मिणू!"

त्यानंतर मिणू घरात बाही वर खोचूनच वावरायची. आईला सतत दिसत राहावं म्हणून.

शेजारी भागाकाकू राहायची. ती आधी चांगली होती हो. पण राखोंडीला सगळेच घाबरायचे. काकूने मिणूच्या आणि तिच्या घराच्या मध्ये राखेची रेघ ओढली होती.

"काकू, वाडगंभर कढण देता? आईने कालपासून काही खाल्लं नाही," मिणूने रेघेच्या अलीकडून विचारलं.

"तिथेच थांब! एक पाऊलही पुढे टाकू नकोस." काकूने अळंब्यांच्या कढणाचं वाडगं काठीने पुढे ढकललं. "आणि वाडगं परत नको आणूस. फोडून टाक."

"बरं, काकू."

"तुझ्या आईनेच आणली असणार राखोंडी. घरोघरच्या भिंतींना हात लावत फिरायची ना!"

"पाणी पाजायला फिरायची, काकू."

"तेच म्हणते मी!" काकू म्हणाली आणि तिने दार आपटलं.

एव्हाना आणखी काही घरांत राखोंडी शिरली होती. लोकांनी आपापल्या भिंतींवर चटया टांगल्या. उजळीला राखोंडी लागू नये म्हणून. आता मला सांगा, चटईखाली तिला पाणी कोण देणार? कुणाच्या लक्षातच आलं नाही. मिणूच्या लक्षात आलं. ती रोज द्रोण घेऊन निघायची, कुणाला चाहूल न लागू देता चटई जराशी वर करायची, आधी झालरीला पाजायची, मग मधल्या अंगाला, आणि चटई होती तशी खाली सोडायची. भागाकाकूच्या भिंतीलासुद्धा.

एकदा दंव फारच कमी पडलं होतं. थेंब शोधत शोधत मिणू दरीच्या वरच्या अंगाला गेली. तिथे शेवाळबाग होती. मखमली शेवाळाचे इवले इवले डोंगर, त्यांच्यावर टाचणीच्या डोक्याएवढी लाल फुलं, आणि नेच्यांच्या हिरव्या छत्र्या. एरवी तिथे आलं की मिणूला खेळावंसं वाटायचं. आज वाटलं नाही. आज निघताना आईची मनगटी जवळजवळ सगळी करडी झालेली होती. मध्यभागी मोहरीएवढा निळा कण काय तो उरला होता.

तिथे एक दगड पालथा पडलेला होता. त्याच्या कडेखालून उजेडाची एक चिमुकली रेघ बाहेर येत होती. "अगं बाई, तू उपडी पडलीस होय?" मिणू म्हणाली. तिने दोन्ही हात लावून दगड उलटा केला. खाली चेपलेली, मरगळलेली उजळी होती. मिणूच्या द्रोणात तळाशी थोडेसेच थेंब होते. ते आईचे ओठ ओले करायला ठेवले होते. तिने क्षणभर विचार केला आणि निम्मे थेंब झालरीवर सोडले.

उजळी थरथरली. दुमडी उलगडल्या. निळा, पिस्ता, गुलाबी असे रंग एकामागून एक पाझरले आणि त्या रंगांतून एक परी उठून बसली. नखाएवढी! तिचा झगा उजळीच्या झालरींचा होता, पंख चिलटाच्या पंखांसारखे पातळ, आणि दोन वेण्या. एक पांढरी, एक हिरवी.

"बाई गं, नाक चेपलं माझं," परी म्हणाली.

"माझंही तेच नाक आहे. पण गाऱ्हाणं फक्त तुझंच," परीच म्हणाली, पण वेगळ्या आवाजात.

मिणू बघतच राहिली. "तुम्ही दोघी आहात?"

"मी बांधी. मी घर बांधते."

"मी रांधी. मी रांधते. हिला स्वयंपाक येत नाही."

"आणि हिला भिंत बांधता येत नाही. म्हणून एकाच अंगात राहतो. भांडतो, पण राहतो. बोल पोरी, तू आम्हाला सरळ केलंस. काय हवं तुला?"

मिणू म्हणाली, "माझी आई बरी व्हायला हवी. तिची मनगटी पुन्हा उजळायला हवी."

परीने वेण्या खाली केल्या. दोन्ही आवाज आता मऊ झाले. "ते करता येईल. पण आमचे नियम आहेत, बाळा. नवा उजेड आम्हाला बनवता येत नाही. आम्ही फक्त एकाचा उजेड दुसऱ्याकडे नेतो. ज्याचा न्यायचा, त्याचं नाव तू मोठ्याने घ्यायचं. आणि एकदा नेलेला उजेड आम्हाला परत आणता येत नाही."

"ज्याचा न्याल, तो मरतो?"

"म्हातारं माणूस किंवा आजारी माणूस मरतं. बाकीचे जगतात. पण ज्याच्याकडे स्वतःचा उजेड नाही, त्याच्यावर दुसऱ्या कशाचाच उजेड पडत नाही. भिंतीजवळ उभा राहिला तरी तो दिसत नाही, त्याच्या हातातलंही दिसत नाही."

मिणू शेवाळावर बसली. कुणाचं नाव घ्यायचं? धोंडीतात्यांचं? ते दरीतले सगळ्यात मोठे, त्यांची मनगटी रुपयाएवढी. पण तात्या म्हातारे होते. रस्त्यात भेटले की खोकत खोकत हात वर करायचे. मग भागाकाकूचं? जिने रेघ ओढली, वाडगं फोडायला सांगितलं? मिणूला राग आला. खूप राग आला. तिने तोंड उघडलं. "भा..."

परीचे पंख ताठ झाले.

पण मिणूला काकूचं तान्हं आठवलं. ते झोपताना काकूची मनगटी मुठीत धरायचं आणि ती दिसली नाही की रडून घर डोक्यावर घ्यायचं.

मिणूने तोंड मिटलं. मग म्हणाली, "मिणूचा."

"ही कोण?" बांधीने विचारलं.

"मीच."

"अगं, वेडी आहेस का?" रांधी ओरडली. "तू कुणाला दिसणार नाहीस!"

"आईलासुद्धा?"

"आईलासुद्धा नाही."

"पण ऐकू येईन ना मी तिला?"

बांधी म्हणाली, "ऐकू येशील. पण ती तुला ओळखेल की नाही, ते आमच्या हातात नाही."

मिणूने आपल्या मनगटाकडे पाहिलं. मग डोळे घट्ट मिटून हात पुढे केला. फुलपाखरू उडून जावं तसं काहीतरी तिच्या कातडीवरून उडालं. बस, एवढंच. डोळे उघडले तेव्हा परी नव्हती, आणि हात कुठे आहे तेही तिला दिसत नव्हतं.

ती चाचपडत घरी निघाली. वाटेत धोंडीतात्या तिला धडकले. "कोणी हा दगड मध्येच आणून ठेवला? अक्कल म्हणून नाही लोकांना!" ते म्हणाले आणि खोकत पुढे गेले. मिणूला हसूही आलं आणि घाबरायलाही झालं. पण दारात आई उभी होती! आपल्या पायांवर उभी! तिच्या मनगटावर निळा आणि पिवळा असे दोन रंग एकमेकांत मिसळून लखलखत होते.

"आई!" मिणू धावली. "आई, तू बरी झालीस!"

आईने मान वळवली. अंधारात इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं. हात वर करून धरला. समोरून कुणी हात वर केला नाही. म्हणजे मिणूने केला होता, पण तो दिसलाच नाही.

"आई, मी आहे. दारातच आहे."

आईने दोन्ही हातांनी कान झाकले, मागे सरकली, आणि धाडकन दार लावलं. आतून अडसर पडल्याचा आवाज आला.

आता सांगा, यात आईची काय चूक? तिला लहानपणापासून जे शिकवलं होतं, तेच तिने केलं.

मिणू उंबऱ्याबाहेर बसून राहिली. दंव सुकलं, पुन्हा पडलं. तिने दोनदा हाक मारली. दोन्ही वेळा आतून आईच्या रडण्याचा आवाज आला. "जा गं, जा!" आई ओरडत होती. "माझ्या मिणूच्या आवाजात बोलू नकोस!"

तेव्हापासून मिणूने हाक मारणं सोडून दिलं. आई घाबरते ना, म्हणून.

आई रोज दरीभर मिणूला शोधत फिरायची. हात उंच धरायची, म्हणजे मिणूला लांबून दिसावा. "मिणू! मिणे गं!" कधी ती मिणूच्या इतक्या जवळून जायची, की तिच्या लुगड्याचा काठ मिणूच्या गालाला लागायचा. मिणू दोन्ही हातांनी स्वतःचं तोंड दाबून धरायची. आईच्या मागे मागे जायची आणि ती घरी परतली की पुन्हा दाराबाहेर येऊन बसायची. लोकांनी फेकलेल्या अळंब्यांची देठं खायची. थंडी वाजली की स्वतःभोवतीच हात गुंडाळायची. कधी कधी तिला वाटायचं, की आपण खरोखरच सावटी झालो आहोत. मिणू नावाची मुलगी होती, ती कधीच मरून गेली.

पण दंव पडलं, की ती उठायची. कारण भिंती तहानलेल्या असायच्या. द्रोण घ्यायची, चटई वर करायची, आधी झालरीला, मग मधल्या अंगाला. तेवढं एकच काम तिला अजून येत होतं.

एके दिवशी शोधून शोधून दमलेली आई भागाकाकूच्या दाराशी आली. काकूने दार किलकिलं केलं. "सोनके, आता पुरे गं. तुझी पोर सावटीने नेली. दरीत सगळ्यांना ठाऊक आहे."

आईला भिंतीवरची चटई दिसली. दंवकरीणच ती. तिने सवयीने चटई वर केली. भिंत ओली होती. झालरी गच्च भिजलेल्या, मधलं अंग अजून कोरडं. आणि तिच्या डोळ्यांसमोर, कुणी नसताना, एक थेंब हवेतून आला आणि मधल्या अंगावर टप्पकन पडला.

"बघितलंस?" काकू किंचाळली. "सावटी! भिंत पितेय माझी! सोनके, कान झाक! एक शब्द बोलू नकोस!"

आईचे हात कानांपर्यंत गेले. तिथेच थांबले. मग हळूहळू खाली आले.

"पीत नाहीये गं," आई म्हणाली. "पाजतेय."

मग ती अंधाराकडे वळली. "बाळ, तू कोण आहेस, मला माहीत नाही. माझी मिणू असलीस तर ये. नसलीस, सावटी असलीस, तरी ये. मी तुला इतके दिवस हाकललं. बाहेर थंडी आहे. ये."

तिने हात पुढे केला. अंधारात नुसताच धरून ठेवला. काकूने भीतीने दार लावून घेतलं.

आणि बर्फासारखे गार, इवलेसे हात आईच्या हातात आले.

आईने अंग चोरलं नाही. तिने त्या न दिसणाऱ्या मुलीला लुगड्याच्या पदरात घेतलं. छातीशी धरलं. मनगटाला मनगट लागलं.

"मी दुसऱ्या कुणाची असले तरी चालेल?" मिणूने अगदी हळू विचारलं.

"चालेल."

"मी तुझीच आहे, आई."

आई म्हणाली, "मग इतके दिवस बाहेर का गं बसलीस?"

"तू घाबरायचीस."

आता आईला हुंदका आवरला नाही. ती मिणूला घेऊन तिथेच, काकूच्या भिंतीखाली, खाली बसली आणि तिने तिला सोडलंच नाही. दंव सुकलं तरी सोडलं नाही. पुन्हा पडलं तरी सोडलं नाही. आईच्या मनगटीची झालर मिणूच्या उघड्या कातडीला चिकटून राहिली होती. आणि मग मिणूला मनगटावर गुदगुली झाली.

"आई, बघ."

एक कण होता. खसखशीच्या दाण्याएवढा. पिवळा नाही, निळा नाही. कोवळ्या कैरीच्या गराचा असतो ना, तसा काहीसा रंग.

"सरक, मला दिसत नाहीये!" हवेतून आवाज आला.

"त्याच डोळ्यांनी बघतोय आपण. तुला दिसत नाही आणि मला दिसतंय, असं कसं होईल?"

परी मिणूच्या अंगठ्यावर येऊन बसली होती. ती वाकून वाकून त्या कणाकडे बघत होती.

"हा तुम्ही दिलात?" मिणूने विचारलं.

"छे गं. आम्हाला नवा उजेड करता येत नाही म्हणून सांगितलं होतं ना? हा तुमचा तुम्ही केलात." बांधीचा आवाज भरून आला होता. "आम्ही असा कधी पाहिलाच नव्हता."

"तू इतकं दिलंस आणि आम्ही तुला काहीच दिलं नाही," रांधी म्हणाली. "आमच्याकडे आमचा स्वतःचा उजेड तेवढा आहे. तो द्यायला कुणाचं नाव घ्यावं लागत नाही."

"मग तुम्ही कुठे जाल?" मिणू घाबरून म्हणाली.

"ते आम्हालाही माहीत नाही. पण दोघी आहोत ना, मग भीती कसली!"

परी उठली. दोन्ही वेण्यांची तिने एकमेकींना गाठ मारली, पंख पसरले आणि भिरभिरत वर गेली. कड्यांच्या मध्ये, खूप वर. आणि तिथे ती फुटली! रुपेरी, हिरवी, गुलाबी, केशरी अशी चमचम सगळ्या दरीत बरसली. त्या एका क्षणात काजळखोऱ्यात लख्ख दिसलं. दगडाखालचा किडासुद्धा दिसला. पंखांची भिरभिर ऐकून दारं उघडली होती आणि माणसांनी पहिल्यांदाच एकमेकांचे चेहरे पाहिले. धोंडीतात्यांना कळलं, की आपल्या बायकोच्या गालाला खळी पडते. आईला कळलं, की मिणूच्या हनुवटीवर तीळ आहे. आणि भागाकाकूने दारातून पाहिलं, तर तिच्या भिंतीखाली एक वाळकी, चिखलाने माखलेली मुलगी बसली होती, आणि तिच्या मांडीवर दंवाचा द्रोण होता. काकू आत गेली आणि कढणाचं वाडगं घेऊन आली. या वेळी काठीने ढकललं नाही, हातात दिलं.

मग चमचम विझली. परी गेली. पुन्हा अंधार झाला. पण ज्यांच्या ज्यांच्या मनगटीवर राख धरली होती, तिथे तो उजेड पडून गेल्यावर राख पुढे सरकली नाही. नंतर हळूहळू गळून गेली.

मिणूची मनगटी मात्र तेवढीच राहिली, खसखशीएवढी. उजळी फार हळू वाढते, मी सांगितलं ना. अजूनही कुणी लांब असलं तर त्याला ती दिसत नाही. कधी कधी ती लोकांना धडकते. कधी कधी तिला अजून वाटतं, की आपण दाराबाहेरच बसलो आहोत, आणि मग आई झोपेतूनही हात पुढे करते. पण एक गोष्ट बदलली. त्या दरीत आता अंधारातून नुसता आवाज आला ना, तर माणसं घाबरतात, अजूनही घाबरतात, पण कान झाकत नाहीत. दार उघडं ठेवतात, हात पुढे करतात, आणि बाहेरून कुणी तो हात धरला, की

"ऋजुता! अगं, केव्हाची हाका मारतेय मी! कुठे आहेस? आणि ही पोरं अशी मुसमुसतायत का?"

आले, मावशी! थांबा हं, हात धरला, की मग मनगटावर ती गुदगुली...